माइनक्राफ्टचे ‘डायरेक्ट कनेक्शन’ : पत्ता लिहून सर्व्हरवर जाण्याच्या सोयीचे परीक्षण

गेली चार वर्षे पुण्यातल्या आमच्या घरी एका जुन्या संगणकावर माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीचा एक छोटा सर्व्हर चालू आहे. त्यावर खेळणारी माणसे आठच आहेत: कोल्हापूरची पुतणी, तिच्या वर्गातल्या दोन मैत्रिणी, शिक्षणासाठी जर्मनीला गेलेला भाचा आणि माझे चार सहकारी. या सगळ्यांना आत येण्यासाठी मी एकच गोष्ट दिलेली आहे, ती म्हणजे सर्व्हरचा पत्ता. जगण्यासाठी झगडायला लावणाऱ्या या खेळांच्या जगाविषयी, त्यांतल्या शस्त्रांविषयी आणि राक्षसांविषयी पुष्कळ लिहिले जाते. पण खेळाडू त्या जगाच्या उंबरठ्यापर्यंत कसा पोहोचतो आणि पोहोचता आले नाही तर खेळ त्याला काय सांगतो, याचा विचार फारसा होत नाही. म्हणून मी माइनक्राफ्टमधील थेट पत्ता लिहून जोडले जाण्याच्या सोयीचे परीक्षण करत आहे, आणि तुलनेसाठी व्हॅलहाइम, रस्ट आणि पालवर्ल्ड हे तीन खेळ घेत आहे.

मुख्य पडद्यावरून ‘मल्टीप्लेयर’मध्ये गेल्यावर सर्व्हरची यादी उघडते, आणि नव्या खेळाडूसाठी ती रिकामी असते. हा रिकामेपणा मला या सोयीचा सर्वांत मोठा गुण वाटतो. रस्ट किंवा पालवर्ल्डमध्ये जगभरातल्या सर्व्हरची तयार यादी समोर येते, तिच्यातून निवडायचे असते आणि पत्त्याची सोय कुठेतरी परसदारी असते. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीत खेळाच्या आत अशी सार्वजनिक यादीच नाही. कंपनीची भाड्याने मिळणारी ‘रेल्म्स’ ही सेवा आणि घरातल्या घरात चालणारा खेळ हे दोन मार्ग सोडले, तर कोठेही जायचे म्हटले की पत्ता माहीत असावाच लागतो. येथे पत्ता हाच दिंडीदरवाजा आहे. यादीखाली ‘डायरेक्ट कनेक्शन’ आणि ‘ॲड सर्व्हर’ अशी दोन बटणे असतात. पहिल्यात एकच चौकट असते, तिच्यात पत्ता लिहून लगेच आत जाता येते, आणि पुढच्या वेळी शेवटचा पत्ता त्या चौकटीत आधीच लिहिलेला सापडतो. दुसऱ्यात पत्त्याला नाव देऊन तो कायमचा जतन करता येतो. चौकट एकच असणे ही मोठी सोय आहे, कारण नाव, अंक किंवा अंकांपुढे अपूर्णविराम देऊन पोर्टचा क्रमांक, यांतले काहीही तिच्यात चालते.

पोर्टविषयी थोडे सांगणे आवश्यक आहे, कारण निम्मी अडचण तेथेच होते. आयपी पत्ता, म्हणजे जाळ्यावर संगणकाची ओळख असलेले अंक, हा वाड्याचा पत्ता मानला तर पोर्ट म्हणजे त्या वाड्यातल्या खोलीचा क्रमांक. एकाच संगणकावर अनेक कार्यक्रम निरोपांची वाट पाहत बसलेले असतात, आणि कोणता निरोप कोणाचा हे पोर्टवरून ठरते. हे क्रमांक ६५५३५ पर्यंत जातात. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीचा ठरलेला क्रमांक २५५६५ आहे, आणि सर्व्हर त्याच क्रमांकावर असेल तर खेळाडूला तो लिहावाही लागत नाही. सर्व्हर दुसऱ्या क्रमांकावर ठेवायचा असला, तरी आपल्या मालकीच्या डोमेन नावाच्या नोंदींमध्ये ‘एसआरव्ही’ प्रकारची एक नोंद केली की खेळ योग्य पोर्ट स्वतःच शोधून काढतो. याचा मला प्रत्यक्ष उपयोग झाला. भाचा ज्या वसतिगृहात राहतो तेथील जाळ्यावरून २५५६५ या पोर्टकडे जाणारी वाट बंद होती आणि ४४३ सारखे नेहमीच्या वापरातले मोजके क्रमांकच खुले होते. मी सर्व्हर ४४३ वर हलवला, एसआरव्ही नोंद बदलली, आणि बाकी सात जणांना आपल्या यादीत एक अक्षरही बदलावे लागले नाही. ज्याने हा भाग रचला त्याने सर्व्हर चालवणाऱ्याचा विचार केला होता, हे अशा वेळी जाणवते.

घरातल्या जाळ्यावर ही सोय तितकीच उपयोगी पडते. दिवाळीच्या सुट्टीत पुतणी आमच्याकडे आली होती, तेव्हा तिने आपल्या लॅपटॉपवर एकटीचे जग उघडले आणि ‘ओपन टू लॅन’ हे बटण दाबून मला बोलावले. अशा वेळी तिचा संगणक जाळ्यावर सर्वांना उद्देशून ठरावीक अंतराने हाक देत राहतो आणि दुसऱ्या संगणकावरच्या यादीत ते जग आपोआप दिसावे, अशी रचना आहे. आमच्या राउटरवर मात्र वायफायवरून निघालेली ती हाक माझ्यापर्यंत पोहोचत नव्हती. यादीखाली ‘शोध चालू आहे’ अशा अर्थाची ओळ नुसती हलत होती. पण बटण दाबताच तिच्या पडद्यावर खाली उजेडलेल्या संदेशात पोर्टचा क्रमांक आलेला होता, कारण हा क्रमांक सहसा प्रत्येक वेळी नवा निवडला जातो. तिच्या लॅपटॉपचा घरातला पत्ता १९२.१६८.१.७ असा होता. मी तो, त्यापुढे अपूर्णविराम आणि तो पाच अंकी क्रमांक लिहिला, आणि दुसऱ्याच क्षणी तिच्या लाकडी घराच्या ओसरीवर उभा राहिलो. ‘काका, आलात कसे? तुमच्या यादीत तर माझे जग अजून दिसतच नव्हते,’ असे ती म्हणाली. आपोआप शोध घेणारी यंत्रणा जेथे हरते तेथे हाताने लिहिलेला पत्ता चालतो, आणि पत्त्याची चौकट प्रत्येक खेळात असावी असा माझा आग्रह याच अनुभवातून अधिक घट्ट झाला आहे.

आता या सोयीच्या ज्या अंगाला मी सर्वाधिक गुण देतो त्याकडे वळतो. ते अंग म्हणजे जोडणी न झाल्यावर मिळणारा संदेश. माइनक्राफ्ट येथे तीन वेगळ्या गोष्टी तीन वेगळ्या शब्दांत सांगतो. ‘अननोन होस्ट’ असे आले, तर लिहिलेल्या नावाचा पत्ताच सापडलेला नाही. बहुतेक वेळा नाव लिहिताना एखादे अक्षर चुकलेले असते, किंवा नव्या नोंदीची बातमी अजून सगळीकडे पोहोचलेली नसते. ‘कनेक्शन रिफ्यूज्ड’ असे आले, तर वाडा सापडला, दारही वाजले, पण आतून ‘या खोलीत कोणी राहत नाही’ असे स्पष्ट उत्तर आले. म्हणजे यंत्र चालू आहे, सर्व्हरचा कार्यक्रम बंद आहे किंवा दुसऱ्या पोर्टवर बसलेला आहे. ‘कनेक्शन टाइम्ड आउट’ असे आले, तर निरोप गेला आणि उत्तरच आले नाही. अशा वेळी संगणकाची सुरक्षाभिंत, राउटरवर न उघडलेले पोर्ट किंवा बदललेला पत्ता यांच्याकडे पाहावे लागते. हे तीन संदेश नीट वाचता आले तर दुरुस्तीचा निम्मा वेळ वाचतो. भाच्याने रात्री ‘मामा, आत जाता येत नाहीये’ एवढेच कळवले की मी त्याला आधी एकच विचारतो, ‘नेमके शब्द काय आले आहेत?’ ‘रिफ्यूज्ड’ म्हणाला तर मी सर्व्हरचा कार्यक्रम पाहतो. ‘टाइम्ड आउट’ म्हणाला तर राउटर पाहतो.

हा स्पष्टपणा काही अंशी माइनक्राफ्टने निवडलेल्या मार्गाचा आहे, हेही नोंदवले पाहिजे. जावा आवृत्ती टीसीपी या पद्धतीने बोलते, आणि टीसीपीमध्ये बंद पोर्टवर आलेल्या विनंतीला नकार कळवण्याची रीतच आहे. रस्ट, व्हॅलहाइम आणि पालवर्ल्ड हे खेळ यूडीपीवर चालतात, जेथे निरोप पाठवल्यावर पोच मिळेलच असे नसते. त्यामुळे बंद खोली आणि हरवलेला वाडा यांतला फरक खेळाला सहज कळत नाही, आणि खेळाडूच्या वाट्याला बराच वेळ फिरणारे चक्र आणि शेवटी एक सरसकट वाक्य येते. वेगवान हालचालींसाठी यूडीपी योग्यच आहे. तरीही ‘नाव सापडले नाही’ आणि ‘सर्व्हरकडून उत्तर आले नाही’ हे दोन भेद तरी कोणत्याही खेळाला करता येतात, आणि ते करावेत अशी माझी अपेक्षा आहे. राउटरवर पोर्ट उघडताना टीसीपी आणि यूडीपी यांतला योग्य प्रकार निवडणे किती महत्त्वाचे आहे, तेही यावरून लक्षात येईल. जावा आवृत्तीसाठी २५५६५ हे पोर्ट फक्त यूडीपीसाठी उघडून ठेवणारे लोक मी पाहिले आहेत, आणि त्यांचा सगळा दिवस ‘टाइम्ड आउट’ वाचण्यात गेलेला असतो.

घरातून सर्व्हर चालवणाऱ्यासमोरची खरी अडचण मात्र खेळाच्या बाहेर आहे. आमच्या भागात गुरुवारी दुरुस्तीसाठी वीज गेली की राउटर बंद पडतो, आणि वीज आल्यावर इंटरनेट पुरवठादार त्याला नवा सार्वजनिक पत्ता देतो. पहिल्या वर्षी असे तीनदा झाले आणि तिन्ही वेळा मला आठ जणांना नवे अंक कळवावे लागले. त्यावर उपाय म्हणून मी डायनॅमिक डीएनएस घेतले. त्यात घरातला एक छोटा कार्यक्रम पत्ता बदलताच नावाची नोंद नवी करतो, आणि खेळाडूंच्या यादीत फक्त नाव राहते. अंकांऐवजी नाव स्वीकारणारी चौकट नसती तर हा उपाय निष्फळ ठरला असता. दुसऱ्या वर्षी पुरवठादाराने न सांगता आमची जोडणी सामायिक पत्त्यावर नेली, आणि एका संध्याकाळपासून बाहेरच्या कोणालाही आत येता येईना. चूक माझीच असावी असे समजून मी दोन रात्री राउटरची पाने चाळत बसलो. शेवटी राउटरच्या स्थितीच्या पानावर बाहेरच्या बाजूचा पत्ता १०० या अंकाने सुरू होताना दिसला, आणि कारण कळले.

हे कारण समजून घेण्यासारखे आहे, कारण भारतातल्या पुष्कळ घरांना ते लागू पडते. जुन्या पद्धतीचे, म्हणजे आयपीव्ही४चे, एकूण पत्ते सुमारे ४२९ कोटी आहेत, आणि जागतिक साठ्यातले शेवटचे मोठे गठ्ठे फेब्रुवारी २०११ मध्येच वाटले गेले. त्यानंतर पुरवठादारांनी एका सार्वजनिक पत्त्यामागे अनेक घरे बसवायला सुरुवात केली. या व्यवस्थेसाठी २०१२ मध्ये १००.६४ पासून १००.१२७ पर्यंतचा पट्टा राखून ठेवण्यात आला. अशा घराची स्थिती, सगळ्या इमारतीला मिळून एकच टपालपेटी असावी आणि पाकिटावर खोली क्रमांक लिहिण्याची सोयच नसावी, तशी होते: बाहेर पाठवलेल्या पत्राचे उत्तर येते, पण बाहेरून आपणहून आलेले पत्र कोणाच्या दारात टाकायचे हे कोणालाच ठाऊक नसते. राउटरवर पोर्ट उघडून येथे काहीही साधत नाही. पुरवठादाराकडे अर्ज करून, वेगळे शुल्क भरून, कायमचा सार्वजनिक पत्ता घेणे हा सरळ मार्ग आहे आणि मी तोच स्वीकारला. ज्यांना ते जमत नाही त्यांच्यासाठी टेलस्केलसारखे कार्यक्रम आहेत, जे ठरावीक संगणकांचे एक खाजगी जाळे बांधून प्रत्येकाला त्या जाळ्यापुरता पत्ता देतात. तो पत्ता माइनक्राफ्टच्या चौकटीत लिहिला की काम होते. मात्र प्रत्येक खेळाडूला तो कार्यक्रम बसवावा लागतो, आणि शाळकरी मुलींच्या घरच्यांना हे फोनवरून समजावून सांगणे सोपे नाही, हे मी अनुभवाने सांगतो.

आणखी एक गोष्ट घरातून सर्व्हर चालवणाऱ्याने ध्यानात ठेवावी. सर्व्हर सुरू झाल्यावर आपलाच सार्वजनिक पत्ता आपल्याच घरातून लिहून पाहिला आणि जोडणी झाली नाही, तर लगेच निराश होऊ नये. अनेक घरगुती राउटर आतून बाहेर जाऊन पुन्हा आत येणारी अशी फेरी होऊ देत नाहीत. घरातल्या घरात १९२.१६८ ने सुरू होणारा आतला पत्ता वापरावा, आणि बाहेरून येता येते की नाही हे बाहेरच्याच कोणाला विचारावे.

अंतराचा परिणाम खेळाडूला प्रत्यक्ष दिसतो, आणि माइनक्राफ्ट तो लपवत नाही. जतन केलेल्या सर्व्हरपुढे हिरव्या पट्ट्या दिसतात आणि त्यांवर बाण नेला की प्रतिसादाला लागलेले मिलिसेकंद कळतात. काचतंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे २ लाख किलोमीटर धावतो. पुण्यापासून जर्मनी सरळ रेषेत साडेसहा हजार किलोमीटरांच्या आसपास आहे, म्हणजे जाऊन येण्याला कमीत कमी ६५ मिलिसेकंद लागणारच. समुद्राखालच्या केबलचा वळसा आणि वाटेतली यंत्रे धरून भाच्याला साधारण दीडशे लागतात. माइनक्राफ्टचा सर्व्हर सेकंदाला २० वेळा जगाची स्थिती मोजतो, म्हणजे एक ठोका ५० मिलिसेकंदांचा असतो, आणि भाचा आमच्यापेक्षा तीन ठोके मागे असतो. घर बांधताना, शेती करताना हे जाणवतही नाही. सांगाड्याचा बाण चुकवताना मात्र त्याला ते पुरेपूर जाणवते. या बाबतीत मला एक उणीव दिसते. या पट्ट्या जतन केलेल्या यादीतच दिसतात. ‘डायरेक्ट कनेक्शन’च्या चौकटीत पत्ता लिहिल्यावर सर्व्हर चालू आहे का, कोणत्या आवृत्तीचा आहे, किती लांब आहे, यांतले काहीच आत जाण्यापूर्वी कळत नाही. आवृत्ती जुळत नसेल तर तसा स्पष्ट संदेश येतो खरा, पण तो दार वाजवल्यानंतर. म्हणून मी नव्या खेळाडूला नेहमी ‘ॲड सर्व्हर’चाच मार्ग सुचवतो, आणि ‘डायरेक्ट कनेक्शन’ हे घरातल्या तात्पुरत्या जगासाठी ठेवतो.

आता इतर खेळांकडे पाहू. व्हॅलहाइम हा स्वीडनच्या आयर्न गेटचा खेळ फेब्रुवारी २०२१ मध्ये आला. त्याचा सर्व्हर २४५६ या पोर्टपासून सुरू होतो, एका वेळी १० खेळाडू घेतो आणि किमान पाच अक्षरी पासवर्ड मागतो. त्यात पत्ता लिहिण्याची सोय पडद्यावरच आहे, शोधावी लागत नाही. पुढे वेगवेगळ्या यंत्रांवरच्या खेळाडूंना एकत्र आणण्यासाठी त्यात सहा अंकी कोडची पद्धत आली. या पद्धतीत मध्यस्थ सेवेतून जोडणी होते, त्यामुळे सामायिक पत्त्याची वर सांगितलेली अडचण उरत नाही, आणि आपल्याकडच्या घरांसाठी हे मोठेच सुख आहे. तथापि सर्व्हर पुन्हा सुरू झाला की कोड बदलतो आणि मधली सेवा कोणाची तरी असते. रोजच्या वापरासाठी कोड सोपा आहे. वर्षानुवर्षे चालवायच्या सर्व्हरसाठी मी पत्ताच निवडेन.

रस्टची गोष्ट वेगळी आहे. इंग्लंडच्या फेसपंच स्टुडिओजच्या या खेळात मोठ्या संख्येने अनोळखी खेळाडू एकत्र येतात, यादी प्रचंड असते आणि बहुतेक जण तिच्यातूनच जातात. ज्याला पत्त्याने जायचे आहे त्याने ‘एफ१’ दाबून आज्ञांची खिडकी उघडायची आणि ‘क्लायंट डॉट कनेक्ट’ या आज्ञेपुढे पत्ता आणि पोर्ट लिहायचा. ठरलेले पोर्ट २८०१५ आहे. सराव झालेल्या माणसाला ही पद्धत फार आवडते, कारण नकल करून चिकटवले की दोन सेकंदांत काम होते, आणि जोडणी होताना पडद्याआड काय घडते आहे तेही त्याच खिडकीत ओळीने दिसते. पण ही आज्ञा कोणी सांगितल्याशिवाय नवख्याला सापडणार नाही. एवढ्या मोठ्या खेळाने पत्त्यासाठी एक साधी चौकट द्यायला हवी, असे माझे स्पष्ट मत आहे. स्टीम या संगणकीय खेळांच्या ऑनलाइन दुकानातल्या आपल्या सर्व्हर-यादीत पत्ता जोडून तेथून आत जाण्याचाही मार्ग आहे, आणि तो नवख्याला अधिक सोयीचा आहे.

पालवर्ल्ड हा जपानच्या पॉकेटपेअरचा खेळ १९ जानेवारी २०२४ रोजी आला. त्याच्या सर्व्हर-यादीच्या तळाशी पत्त्याची चौकट आहे, तिच्यात नमुन्यादाखल आपल्याच संगणकाचा पत्ता आणि ८२११ हे पोर्ट लिहिलेले असते, आणि हा नमुना देणे ही चांगली कल्पना आहे, कारण पत्ता कोणत्या रूपात लिहावा हे पाहणाऱ्याला न विचारता समजते. सुरुवातीच्या आवृत्तीत मात्र या चौकटीजवळ पासवर्ड लिहायला जागाच नव्हती, त्यामुळे पासवर्ड असलेल्या खाजगी सर्व्हरवर जाण्यासाठी लोकांना आडमार्ग शोधावे लागले. पुढे ती जागा करून देण्यात आली. पत्ता आणि पासवर्ड ही जोडी एकत्रच लागते, एवढी साधी बाब रचनेच्या वेळी सुटली होती. ३२ खेळाडू घेणाऱ्या सर्व्हरची सोय देणाऱ्या खेळात ती सुटायला नको होती.

महाराष्ट्रातली पुष्कळ मुले माइनक्राफ्ट मोबाईलवर खेळतात, म्हणून तेथील आवृत्तीविषयी थोडे. मोबाईलवरच्या बेडरॉक आवृत्तीत ‘डायरेक्ट कनेक्शन’ नाही. ‘सर्व्हर्स’ या भागात जाऊन ‘ॲड सर्व्हर’ करावे लागते, आणि तेथे पत्ता व पोर्ट यांच्या दोन वेगळ्या चौकटी असतात. पोर्ट आधीच १९१३२ असे भरलेले असते आणि ते यूडीपी असते. जावाच्या सर्व्हरवर बेडरॉकचा खेळाडू सरळ येऊ शकत नाही. त्यासाठी सर्व्हरवर ‘गीझर’ नावाचा दुभाषा बसवावा लागतो. पुतणीची एक मैत्रीण आईच्या फोनवरून अशीच येते, आणि आजवर तिला काही अडचण आलेली नाही. टीव्हीला जोडायच्या खेळयंत्रांवर मात्र पत्ता लिहून सर्व्हर जोडण्याची सोयच दिलेली नाही. तेथे कंपनीने निवडलेल्या सर्व्हरची यादी आणि रेल्म्स एवढेच उरते. खेळ तोच, नाव तेच, आणि केवळ यंत्र बदलले म्हणून खेळाडूच्या हातून पत्त्याचा अधिकार जावा, हे मला पटत नाही.

पत्ता दिला म्हणजे दार उघडे ठेवले असे होऊ नये, म्हणून एक सूचना. पत्ता कोणाला सांगितलाच नाही तर कोणी येणार नाही, हा समज चुकीचा आहे. २५५६५ हे पोर्ट उघडे असलेली यंत्रे जगभर शोधत फिरणारे स्वयंचलित कार्यक्रम आहेत, आणि आमच्या सर्व्हरच्या नोंदवहीत पहिल्याच आठवड्यात दोन अनोळखी नावे दार वाजवून गेलेली दिसली. सर्व्हरच्या सेटिंगच्या फाइलमधील ‘व्हाइट-लिस्ट’ चालू करावी, म्हणजे यादीत नाव असलेल्यालाच आत घेतले जाते, आणि ‘ऑनलाइन-मोड’ कधीही बंद करू नये, कारण तो बंद केला की आलेला खेळाडू खरोखर तोच आहे याची पडताळणी होत नाही. आपला सार्वजनिक पत्ता चित्रफितीत किंवा पडद्याच्या छायाचित्रात दिसू देऊ नये, एवढे मुलांनाही सांगून ठेवावे.

इतक्या खटाटोपापेक्षा यादीतला एखादा सर्व्हर निवडणे सोपे आहे, असे कोणी म्हणेल, आणि ते खरे आहे. पण यादी कोणाच्या तरी यंत्रावर चालते. मे २०१४ च्या अखेरीस गेमस्पाय ही खेळाडूंना सर्व्हर शोधून देणारी जुनी सेवा बंद झाली, तेव्हा तिच्यावर अवलंबून असलेल्या अनेक खेळांच्या याद्या एका रात्रीत रिकाम्या झाल्या; ज्या खेळांत पत्ता लिहायला जागा होती, त्यांचे खेळाडू एकमेकांना पत्ते कळवून खेळत राहिले. माइनक्राफ्टची जावा आवृत्ती पूर्ण स्वरूपात नोव्हेंबर २०११ मध्ये आली, २०१४ मध्ये मायक्रोसॉफ्टने तिची मूळ कंपनी अडीच अब्ज डॉलरना घेतली, खेळात असंख्य बदल झाले. एक चौकट, एक पत्ता आणि एक बटण ही रचना मात्र आजही तशीच आहे. खाते तपासण्यापुरता कंपनीशी संबंध येतो, बाकी आठ माणसे आणि एक जुना संगणक यांच्यामध्ये कोणी नसते.

थेट पत्त्याच्या सोयीसाठी म्हणून मी या चार खेळांत माइनक्राफ्टला निःसंशय पहिला क्रमांक देतो, त्याखालोखाल व्हॅलहाइमला, मग पालवर्ल्डला, आणि साधी चौकट येईपर्यंत रस्टला शेवटचा. माइनक्राफ्टच्या निर्मात्यांकडे माझी एकच मागणी आहे: ‘डायरेक्ट कनेक्शन’च्या चौकटीखाली, पत्ता लिहून होताच, सर्व्हरची आवृत्ती आणि त्या हिरव्या पट्ट्या दाखवाव्यात. ही माहिती खेळ यादीसाठी मागवतोच. ती तेथेही मागवली, तर भाच्याचा रात्री दोन वाजता येणारा निम्मा तरी पत्रव्यवहार कमी होईल.